क्लारा शूमान : विद्येने कुटुंब तारणारी कलावती

विद्या हे आपत्काली उपयोगी पडणारे धन होय, असे आपण मुलांस नित्य सांगतो. मुलींच्या बाबतीत मात्र तेच आपल्या सोयीस्करपणे विस्मरणात जाते. म्हणूनच जर्मनीतील विख्यात पियानोवादिका व शिक्षिका क्लारा शूमान यांचे अल्पचरित्र आम्ही ज्ञातिबंधुभगिनींपुढे ठेवीत आहोत.

क्लाराबाईंचा जन्म १३ सप्टेंबर १८१९ रोजी लाइपझिग शहरी झाला. वडील फ्रीडरिश वीक हे पियानोचे नामांकित शिक्षक होते. आईवडील विभक्त झाल्यावर क्लारा वडिलांपाशी राहिली. त्यांनी तिला कडक शिस्तीत वादनाबरोबरच संगीतरचनेचेही शिक्षण दिले. १८२८ साली, अवघ्या नवव्या वर्षी, ती प्रथम श्रोत्यांपुढे बसली. सोळाव्या वर्षी तिने स्वतःची मोठी रचना मेंडेल्सन यांच्या वाद्यवृंदासह वाजविली. १८३८ साली व्हिएन्नाच्या दरबाराने तिचा बहुमान केला.

परंतु ज्या पित्याने कन्येस विद्या दिली, त्यानेच तिच्या विवाहास कडवा विरोध केला. वीक यांचे शिष्य व पुढे थोर संगीतकार म्हणून गाजलेले रॉबर्ट शूमान यांच्याशी विवाह करण्यासाठी तिला न्यायालयाची पायरी चढावी लागली. १२ सप्टेंबर १८४० रोजी तो विवाह झाला.

सुखाचा संसार फार काळ टिकला नाही. फेब्रुवारी १८५४ मध्ये रॉबर्ट यांनी मनोविकाराच्या भरात ऱ्हाइन नदीत उडी घेतली. ते वाचले, पण रुग्णालयातून परतले नाहीत. जुलै १८५६ मध्ये तेथेच निवर्तले. त्या आघाताच्या वेळी पदरात सहा मुले होती व सातवे पोटात होते. क्लाराबाईंनी साहाय्यार्थ जलसा करण्याची सूचना नम्रपणे नाकारली आणि त्याच वर्षी पुन्हा दौरे सुरू केले. मुलांस दूर ठेवून त्या देशोदेशी वाजवीत हिंडल्या. साठ वर्षांत त्यांचे तेराशेहून अधिक जलसे झाले.

१८७८ साली फ्रँकफर्टच्या होख संगीतविद्यालयाने त्यांस पियानोच्या प्रमुख शिक्षिका नेमिले. तेथील अध्यापकवर्गात त्या एकट्याच स्त्री होत्या. १८९२ पर्यंत त्यांनी देशोदेशीच्या शिष्यांस शिकविले. याच काळात पतीच्या समग्र रचनाही त्यांनी संपादित केल्या. चार अपत्यांचा मृत्यू त्यांस पाहावा लागला. वृद्धापकाळी नातवंडांचा भारही त्यांनी उचलला. २० मे १८९६ रोजी त्यांचे देहावसान झाले.

एक गोष्ट मनास चुटपुट लावते. स्त्रीने संगीतरचना करू नये, ही त्या काळची समजूत त्यांच्याही मनात शिरली होती. १८५३ नंतर त्यांनी जवळजवळ काहीच रचिले नाही. विद्या मिळाली, पण तिच्यावर पूर्ण हक्क सांगण्याचे बळ समाजाने दिले नाही.

आमच्या घरोघरच्या कन्यांस विद्या व ते बळ, दोन्ही लाभोत, एवढीच आमची प्रार्थना आहे.