विठ्ठल नागेश शिरोडकर

डॉ. विठ्ठल नागेश शिरोडकर (१८९९ – १९७१) हे भारतीय स्त्रीरोगतज्ज्ञ व शल्यचिकित्सक होते. वारंवार होणारा गर्भपात टाळण्यासाठी गर्भाशयाच्या मुखाला घालावयाचा टाका जगभर त्यांच्या नावाने ओळखला जातो.

जीवन

शिरोडकरांचा जन्म गोव्यातील शिरोडा येथे झाला. मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात वैद्यकीय शिक्षण घेऊन १९२७ साली ते एम.डी. झाले. १९३१ मध्ये त्यांनी इंग्लंडमध्ये एफ.आर.सी.एस. ही पदवी मिळवली. परतल्यावर जे.जे. रुग्णालयात त्यांनी काम केले आणि ग्रँट मेडिकल कॉलेजात अध्यापन केले.

शस्त्रक्रिया

खालचा जबडा जसा अस्थिबंधांच्या आधाराने कवटीशी सांभाळला जातो, तसे गर्भाशयही ओटीपोटात तंतुमय बंधांनी तोलून धरलेले असते. बाळंतपणांमुळे किंवा जन्मजात दुर्बलतेमुळे हे बंध सैलावले की गर्भाशय खाली सरकते. यालाच बोलीभाषेत अंग बाहेर येणे म्हणतात. त्या काळी रूढ असलेल्या मँचेस्टर शस्त्रक्रियेत गर्भाशयग्रीवेचा भाग कापून टाकीत. मूल हवे असलेल्या तरुण स्त्रीला हा उपाय महागात पडे, कारण पुढे गर्भधारणा किंवा गर्भ टिकणे अवघड होई. शिरोडकरांनी काहीही न कापता नवा बंधच तयार केला. मांडीच्या स्नायूंवरील चिवट आवरणाची पट्टी काढून तिचे एक टोक गर्भाशयग्रीवेच्या मागील बाजूस व दुसरे त्रिकास्थीच्या वरच्या कडेजवळ शिवून ते गर्भाशय पुन्हा वर टांगीत.

हीच पट्टी त्यांनी आणखी एका कामी वापरली. काही स्त्रियांचा गर्भ दरवेळी चौथ्या ते सहाव्या महिन्यात, फारशा कळा न येता पडतो. ग्रीवा हा मुख्यतः तंतुमय ऊतींचा भाग आहे. तिचे आतले मुख कमकुवत असले की वाढत्या गर्भाचा भार तिला पेलवत नाही. अशा स्त्रियांसाठी विश्रांती व औषधे यांपलीकडे फारसे काही केले जात नसे. अमेरिकेत लॅश यांनी १९५० मध्ये गर्भ नसताना ग्रीवा दुरुस्त करण्याची पद्धत सांगितली होती. शिरोडकरांनी मात्र गर्भ पोटात असतानाच, साधारण चौदाव्या आठवड्याच्या सुमारास, शस्त्रक्रिया करण्याचे धाडस केले. मूत्राशय वर सारून आतल्या मुखाच्या पातळीवर, श्लेष्मल त्वचेखालून ती पट्टी ते ग्रीवेभोवती आवळून बांधीत. ही पद्धत १९५५ साली प्रसिद्ध झाली. पुढे पट्टीऐवजी कृत्रिम धाग्याची फीत वापरली जाऊ लागली. टाका तसाच ठेवल्यास प्रसूती सिझेरियनने करावी लागते.

१९५७ मध्ये ऑस्ट्रेलियातील मॅक्डोनाल्ड यांनी याहून सोपा टाका सुचवला. तो वेगाने घालता येत असल्याने अनेक ठिकाणी तोच अधिक रुळला, तरी ग्रीवेत उंचावर आधार हवा असेल तेथे शिरोडकर टाका आजही घालतात.

इतर कार्य व सन्मान

कुटुंबनियोजनाच्या चळवळीशी त्यांचा जवळचा संबंध होता आणि गर्भपाताचा कायदा शिथिल व्हावा या मताचे ते होते. तसा कायदा १९७१ मध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर काही महिन्यांनी, संमत झाला. भारत सरकारने त्यांना १९६० मध्ये पद्मभूषण व १९७१ मध्ये पद्मविभूषण देऊन गौरविले.