डॉ. ना. भा. खरे : पद आणि पक्ष

नारायण भास्कर खरे यांचा जन्म पनवेलचा. वैद्यकीय शिक्षण त्यांनी लाहोरला घेतले आणि १९१३ मध्ये पंजाब विद्यापीठाची एम. डी. ही पदवी मिळविली. काही काळ सरकारी वैद्यकीय सेवेत काढल्यावर नोकरी सोडून ते नागपुरात स्वतंत्र व्यवसाय करू लागले. तेथूनच ते राजकारणात शिरले. केंद्रीय कायदेमंडळाचे सदस्य असताना त्यांनी आर्यसमाजी आंतरजातीय विवाहांना मान्यता देणारे विधेयक मांडले. त्याचा १९३७ मध्ये कायदा झाला.

त्याच वर्षी प्रांतिक निवडणुका झाल्या. मध्यप्रांत व वऱ्हाड या प्रांताच्या ११२ जागांच्या विधानसभेत काँग्रेसला बहुमत मिळाले. गव्हर्नर मंत्र्यांच्या कारभारात ढवळाढवळ करणार नाहीत, असा भरवसा मिळेपर्यंत काँग्रेसने अधिकारग्रहण लांबविले. अखेर जुलै १९३७ मध्ये डॉ. खरे पंतप्रधान झाले. आजच्या मुख्यमंत्रिपदाला त्या काळी पंतप्रधानपद म्हणत.

हा प्रांत एकजिनसी नव्हता. नागपूर आणि वऱ्हाड हे मराठी भाग. तर उत्तरेकडचे जबलपूर, त्याच्या आसपासची महाराजपूरसारखी गावे आणि सारा महाकोशल हिंदी भाषकांचा. काँग्रेसच्याही तीन प्रांतिक समित्या होत्या. मंत्रिमंडळात ही फाळणी उतरली. एका बाजूला खरे, गोळे आणि देशमुख. दुसऱ्या बाजूला रविशंकर शुक्ल, जबलपूरचे द्वारकाप्रसाद मिश्र आणि दुर्गाशंकर मेहता. खात्यांच्या वाटपावरून कुरबुरी वाढत गेल्या. मे १९३८ मध्ये पचमढी येथे सरदार पटेलांच्या उपस्थितीत समेट झाला, पण तो दोन महिनेही टिकला नाही.

२० जुलै १९३८ रोजी खरे, गोळे आणि देशमुख यांनी राजीनामे दिले आणि उरलेल्या मंत्र्यांकडे त्यांचे राजीनामे मागितले. खऱ्यांचा युक्तिवाद सरळ होता. पंतप्रधान गेला की मंत्रिमंडळ जाते, हा संसदीय पद्धतीचा संकेत. महाकोशलच्या मंत्र्यांनी नकार दिला. आपल्याला पक्षाने पाठविले आहे, पक्षाच्या पार्लमेंटरी बोर्डाची आज्ञा आल्याशिवाय आपण जाणार नाही, अशी त्यांची भूमिका होती. दोन्ही बाजू आपापल्या संस्थेच्या नियमाने बोलत होत्या.

पेच सुटला तो गव्हर्नरच्या हातून. १९३५ च्या कायद्याप्रमाणे मंत्री गव्हर्नरच्या मर्जीपर्यंतच अधिकारावर राहत. सर फ्रान्सिस वायली यांनी रातोरात त्या तिघांना बडतर्फ केले आणि पहाटे खऱ्यांचे नवे मंत्रिमंडळ शपथबद्ध झाले. त्यात रामेश्वर अग्निभोज या दलित नेत्याचाही समावेश होता. कायद्याच्या दृष्टीने यात वावगे काही नव्हते. परंतु ज्या अधिकाराचा वापर होऊ नये म्हणून काँग्रेसने वर्षापूर्वी अडून धरले होते, त्याच अधिकाराचा आधार काँग्रेसच्याच पंतप्रधानाने घेतला होता. खऱ्यांची चूक येथेच झाली.

दोनच दिवसांनी, २३ जुलैला, श्रेष्ठींच्या दडपणाखाली त्यांना पुन्हा राजीनामा द्यावा लागला. वर्धा येथे सुभाषचंद्र बोस यांच्या अध्यक्षतेखाली भरलेल्या कार्यकारिणीने त्यांना जबाबदारीच्या पदाला अपात्र ठरविले. विधिमंडळ पक्षाने शुक्ल यांची निवड केली आणि महिना संपण्यापूर्वी त्यांचे मंत्रिमंडळ अधिकारावर आले. बडतर्फ मंत्री परतले. बडतर्फी मागणारा बाहेर राहिला. मतदारांनी निवडलेल्या सभेचा नेता सभागृहाबाहेरच्या समितीने हटवावा का, हा प्रश्नही त्या वेळी विचारला गेला. तो काही खऱ्यांच्या समर्थकांनीच विचारला असे नाही.

या प्रकरणाला पुढे एक विलक्षण वळण लागले. मार्च १९३९ मध्ये जबलपूरजवळ त्रिपुरी येथे काँग्रेसचे अधिवेशन भरले. निवडून आलेले अध्यक्ष सुभाषबाबू यांनी कार्यकारिणी गांधीजींच्या इच्छेनुसार नेमावी, असा ठराव तेथे संमत झाला. दोन महिन्यांच्या आतच त्यांना पद सोडावे लागले. खऱ्यांना दूर करणाऱ्या यंत्रणेपुढे आता तिचा अध्यक्षच हतबल ठरला होता.

खरे मात्र थांबले नाहीत. पक्षाने नाकारलेली सत्ता त्यांनी अन्य संस्थांत शोधली. १९४३ ते १९४६ या काळात ते व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात होते. परदेशातील भारतीयांचा कारभार त्यांच्याकडे होता, आणि १९४४ मध्ये दक्षिण आफ्रिकेतील वर्णभेदाला उत्तर म्हणून तेथील गोऱ्यांविरुद्ध परस्परता कायदा लागू झाला. काँग्रेसच्या मंत्रिपदावर राहून हे त्यांना साधले नसते. १९४७ मध्ये ते अलवर संस्थानाचे पंतप्रधान झाले. त्यांच्या कारकिर्दीत तेथे मेव मुसलमानांची कत्तल झाली. या काळाचा डाग त्यांच्या चरित्रावर कायमचा राहिला. फेब्रुवारी १९४८ मध्ये, गांधीजींच्या हत्येनंतर, भारत सरकारने संस्थानाचा कारभार ताब्यात घेतला आणि खऱ्यांना पदावरून दूर केले. हत्येशी त्यांचा संबंध सिद्ध झाला नाही. नंतर ते हिंदुमहासभेचे अध्यक्ष झाले आणि ग्वाल्हेरमधून पहिल्या लोकसभेत निवडून गेले.

ज्या प्रांताच्या भाषिक दुफळीने त्यांचे मंत्रिमंडळ मोडले, तो प्रांत १ नोव्हेंबर १९५६ रोजी दुभंगला. नागपूर आणि विदर्भ मुंबई राज्यात आले. जबलपूर मध्यप्रदेशात राहिले आणि शुक्ल त्या राज्याचे पहिले मुख्यमंत्री झाले. वर्षअखेरीस त्यांचे निधन झाले. मिश्र १९६३ मध्ये त्याच पदावर बसले आणि १९६७ मध्ये स्वपक्षीयांच्या पक्षांतराने पायउतार झाले. ते पाहायला खरे हयात होते. १९७० मध्ये त्यांचे निधन झाले.