फादर थॉमस स्टीफन्स : जुन्या पत्रांतून आणि नोंदवह्यांतून



ख्रिस्तपुराण लिहिणारे फादर थॉमस स्टीफन्स यांचे नाव आपल्याला नवे नाही. इंग्रज असून त्यांनी मराठीत ओव्या रचल्या, हे आपण शाळेपासून ऐकत आलो आहोत. मात्र गोव्याच्या बंदरात उतरले तेव्हा हा माणूस तिशीचा होता. आधीची तीस वर्षे तो कोण होता, कोणाचा मुलगा होता, आपला देश सोडून का निघाला, हे फारसे कोणी सांगत नाही. त्यांनी स्वतः आत्मचरित्र लिहिलेले नाही. जे कळते ते काही पत्रांतून, एका नोंदवहीतून आणि परक्या प्रवाशांच्या वृत्तांतांतून. आज आम्ही त्या कागदांच्या वाटेने त्यांचे चरित्र सांगणार आहोत.

प्रथम त्या काळचा इंग्लंड देश कसा होता ते पाहू. १५३८ मध्ये राजा आठवा हेन्री याचा मंत्री थॉमस क्रॉमवेल याने हुकूम काढला की प्रत्येक चर्चमध्ये स्नानसंस्कार, विवाह आणि दफन यांची नोंद ठेवावी. हेन्रीने तोपर्यंत रोमशी संबंध तोडलेला होता. पुढे त्याचा मुलगा एडवर्ड गादीवर आला आणि मिस्साच बंद झाली. मग मेरी राणी आली, जुना धर्म परत आला. १५५८ मध्ये एलिझाबेथ राणी झाली आणि पुन्हा सर्व उलटले. एकाच माणसाच्या हयातीत त्याच्या चर्चमधील वेदी दोनदा हलली. लंडनमध्ये हेन्री मॅकिन नावाचा एक कारागीर होता. अंत्ययात्रेचे सामान पुरवणे हा त्याचा व्यवसाय. त्याने १५५० ते १५६३ या काळात रोजनिशी ठेवली. कोणाची अंत्ययात्रा कशी निघाली, किती मेणबत्त्या होत्या, कोणती मिरवणूक बंद झाली, असे तो लिहीत गेला. त्याचा ओढा जुन्या धर्माकडे होता हे वाचताना कळते. राजांचे हुकूम सरकारी दप्तरात मिळतात. त्या हुकमांनी गल्लीतल्या माणसाचे काय झाले ते मॅकिनसारख्यांच्या वहीत मिळते. १७३१ च्या आगीत त्या वहीच्या पानांच्या कडा जळाल्या, तरी वही राहिली.

याच काळात, १५४९ च्या सुमारास, थॉमस स्टीफन्स यांचा जन्म झाला. वडिलांचे नावही थॉमस. ते लंडनचे व्यापारी होते. जन्मगावाबाबत पुष्कळ वर्षे घोटाळा होता. विंचेस्टर येथील शाळेच्या यादीत १५६४ साली थॉमस स्टीव्हन्स नावाचा एक विद्यार्थी आहे, डॉर्सेट परगण्यातील बोर्टन गावचा. नाव जुळले म्हणून चरित्रकारांनी तेच गाव आपल्या स्टीफन्सना देऊन टाकले. पुस्तकामागून पुस्तक तेच छापत गेले. पण रोम येथील येशूसंघाच्या नवशिक्यांच्या नोंदवहीत २० ऑक्टोबर १५७५ रोजी त्यांचा प्रवेश नोंदलेला आहे आणि तिथे गाव बुल्स्टन, परगणा विल्टशर, धर्मप्रांत सॉल्झबरी असे लिहिले आहे. विसाव्या शतकात जर्मन येशूसंघीय इतिहासकार फादर गेओर्ग शुरहामर यांनी ही नोंद पुढे आणली. बुल्स्टन म्हणजे आजचे बुश्टन खेडे. एका ओळीने साडेतीनशे वर्षांनंतर माणूस आपल्या गावी परत गेला!

आमच्याकडे स्नानसंस्काराचा दाखला मागायला तुम्ही येता, तेव्हा कपाटातील जाड वही काढून आम्ही अशीच एक ओळ शोधत असतो. शाळेतील दाखल्यावर एक आडनाव, वहीत दुसरे, रेशनकार्डावर तिसरेच, हे आपल्या भागात नेहमीचे आहे. १९९३ च्या भूकंपात उमरगा आणि लोहारा भागात घरे पडली, तेव्हा पेट्यांतले कागदही मातीखाली गेले. गरिबाच्या घरी मुळातच कागद थोडे. म्हणून एक विनंती मध्येच करून ठेवतो : ज्यांच्याकडे आजोबा-पणजोबांची पत्रे, मिशनच्या शाळेचे दाखले, विवाहाच्या जुन्या पत्रिका असतील त्यांनी त्या जाळू नयेत, रद्दीत घालू नयेत. मिस्सानंतर आणून दाखवाव्यात. आम्ही झेरॉक्स काढून मूळ कागद परत देऊ.

स्टीफन्स यांच्या तरुणपणी त्यांचा एक मित्र होता, थॉमस पाउंड. हा हॅम्पशरचा श्रीमंत जमीनदार आणि एलिझाबेथ राणीच्या दरबारातील लाडका तरुण. त्याची गोष्ट अशी सांगतात की नाताळच्या उत्सवात तो राणीपुढे नाचला. राणी खूश झाली आणि तिने पुन्हा नाचायला सांगितले. दुसऱ्या वेळी गिरकी घेताना तो पडला. राणीने त्याला पायाने ढोसले आणि सर्वांदेखत बैल म्हटले. दरबार हसला. पाउंड उठला तो दरबार सोडूनच गेला आणि मागे टाकलेल्या श्रद्धेकडे परत वळला. गोष्टीत थोडा रंग भरला गेला असेल, पण पुढचे सर्व कागदावर आहे. स्टीफन्स नोकराच्या वेषात पाउंड यांच्याबरोबर राहू लागले, कारण उघडपणे एकत्र प्रार्थना करणे धोक्याचे होते. दोघांनी रोमला जाऊन येशूसंघात प्रवेश करायचे ठरवले. निघण्यापूर्वीच पाउंड पकडले गेले. स्टीफन्स एकटे रोमला पोचले.

रोममध्ये शिकत असताना त्यांना मित्राचा विसर पडला नाही. ४ नोव्हेंबर १५७८ रोजी त्यांनी संघाचे मुख्याधिकारी फादर मर्क्युरियन यांच्यापुढे पाउंड यांची हकीकत लिहून मांडली आणि तुरुंगातील या माणसाला संघात घ्यावे अशी विनंती केली. ती मान्य झाली. पाउंड यांनी पुढे निरनिराळ्या तुरुंगांत मिळून सुमारे तीस वर्षे काढली. स्टीफन्स इंग्लंडला परतले असते तर त्यांच्याही वाट्याला हेच किंवा याहून वाईट आले असते. त्यांनी भारत मागितला. काही जण म्हणतील की ते संकट टाळून गेले. आम्हाला तसे वाटत नाही, आणि त्या काळचा समुद्रप्रवास कसा होता हे कळल्यावर तुम्हालाही वाटणार नाही.

तो प्रवास त्यांच्याच हातच्या पत्रात आहे. ४ एप्रिल १५७९ रोजी लिस्बनहून पाच जहाजे निघाली, तुताऱ्या वाजल्या, तोफा झडल्या. जहाजावर शिपाई आणि खलाशी तर होतेच, पण लहान मुले आणि बायकाही होत्या, आणि मुले समुद्र मोठ्यांपेक्षा बरा सोसतात असे त्यांचे निरीक्षण आहे. मदेराजवळ पोर्तो सांतो बेटापाशी एका इंग्रज जहाजाने त्यांच्या पोर्तुगीज जहाजावर तोफा डागल्या. विचार करा, आपल्याच देशाचे लोक आपल्यावर गोळे टाकताहेत! स्टीफन्स यांना वाईट वाटले ते एवढे देखणे जहाज असल्या कामाला लावले याचे. २९ जुलैला त्यांनी आफ्रिकेचे दक्षिण टोक ओलांडले. उशीर झाल्यामुळे मादागास्कर बेटाच्या बाहेरून जाणारा लांबचा मार्ग घ्यावा लागला. या मार्गावर ताजे अन्न आणि पाणी मिळत नाही. हिरड्या सुजतात, त्या कापून टाकाव्या लागतात, पाय सुजतात, सर्व अंग ठणकते. दीडशेहून अधिक लोक आजारी पडले आणि २७ दगावले. नेहमीच्या मानाने हा आकडा थोडाच समजला गेला, हेही त्यांनी नोंदवले आहे. २४ ऑक्टोबरला गोवा आले.

१० नोव्हेंबरला त्यांनी हे सर्व लंडनला वडिलांना लिहिले. आरंभी वडिलांचा आशीर्वाद मागितला, आईला नमस्कार कळवला. मग वारे, तारे, उडणारे मासे, शार्क, होकायंत्राची सुई कशी फिरते, पूर्व-पश्चिम जाताना आकाशात धरून ठेवायला एकही स्थिर खूण का नसते, असे पानेच्या पाने. शेवटी गोव्याची झाडे : युरोपातले एकही झाड इथे दिसले नाही, द्राक्षवेल सोडून, आणि तिचाही उपयोग नाही, दारू सगळी पोर्तुगालहून येते, इथले लोक पाणी पितात किंवा माडाची ताडी.

या पत्रात धर्माविषयी फारसे काही नाही. नुकत्याच मिशनला आलेल्या येशूसंघीयाने घरी लिहिलेले पत्र, आणि त्यात मासे व वारे? सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकताना साक्षीवर विश्वास कधी ठेवावा या प्रश्नावर पुष्कळ वाद होत. तिथे एक गोष्ट मनात बसली : साक्षीदार काय बोलला याबरोबर तो कोणापुढे बोलला हेही पाहावे. हे पत्र लंडनला जाणार होते. वाटेत ते कोणाच्या हातात पडेल याचा नेम नव्हता, आणि परिणाम भोगावे लागले असते ते आईवडिलांना. चार वर्षांनी, २४ ऑक्टोबर १५८३ रोजी त्यांनी भाऊ रिचर्ड यांना लॅटिनमध्ये पत्र लिहिले. रिचर्ड पॅरिसमध्ये धर्मशास्त्राचे अध्यापक होते. तिथे कॅथलिक राजा होता, भीती नव्हती. आणि त्या पत्रात सर्व मोकळेपणाने आले आहे. त्याच वर्षी जुलैमध्ये कुंकळ्ळी येथे फादर रुदोल्फ आक्वाविवा आणि चार सोबती मारले गेले, त्याची हकीकत त्यात आहे. (त्याआधी त्या भागातील देवळे पाडली गेली होती आणि नंतर गावच्या पुढाऱ्यांना बोलावून ठार करण्यात आले. हेही आपण विसरू नये.) त्याच पत्रात त्यांनी लिहिले की या देशाच्या भाषांची घडण ग्रीक आणि लॅटिनशी मिळतीजुळती आहे. ज्यावर पुढे विद्यापीठांत ग्रंथ झाले, ते एका धर्मगुरूने भावाला सहज कळवले होते.

वडिलांच्या पत्राचे पुढे काय झाले? रिचर्ड हाक्लुट नावाच्या इंग्रजाने आपल्या देशबांधवांचे समुद्रप्रवास गोळा करून १५८९ मध्ये एक मोठे पुस्तक छापले, त्यात हे पत्र घातले. हाक्लुट स्वतः प्रॉटेस्टंट पाद्री. त्याला भारताचा समुद्रमार्ग हवा होता. लंडनच्या व्यापाऱ्यांनी ते वाचले, आणि १६०० च्या अखेरच्या दिवशी ईस्ट इंडिया कंपनी निघाली. एका पत्रामुळे कंपनी आली असे म्हणणे अतिशयोक्ती होईल. पण मुलाने बापाची काळजी मिटावी म्हणून लिहिलेले पत्र व्यापाराचा नकाशा झाले, हे खरे.

१५८३ च्या नोव्हेंबरात चार इंग्रज कैदी गोव्यात आले : जॉन न्यूबेरी, राल्फ फिच, विल्यम लीड्स हा जवाहिऱ्या आणि जेम्स स्टोरी हा चित्रकार. होर्मुझ येथे हेर समजून त्यांना पकडले होते. त्यांच्यासाठी स्टीफन्स आणि त्यांचे एक फ्लेमिश सोबती यांनी अधिकाऱ्यांकडे खेटे घातले, जामीन मिळवून दिला. हे आपल्याला स्टीफन्स यांच्याकडून कळत नाही. न्यूबेरी यांनी तेव्हाच लिहिलेल्या पत्रांतून कळते, फिच यांच्या प्रवासवृत्तातून कळते. गोव्याच्या आर्चबिशपांचा डच चिटणीस लिन्स्होटेन याने आपल्या ग्रंथात या कैद्यांची हकीकत वेगळी सांगितली आहे. तपशिलात फरक आहेत, पण चार शुभवर्तमाने वाचणाऱ्यांना असल्या फरकांनी गोंधळून जायचे कारण नाही. पंचवीस वर्षांनी पिरार नावाचा जहाज बुडालेला फ्रेंच खलाशी गोव्यात कैदेत पडला, तर त्याच्याही सुटकेसाठी हेच इंग्रज फादर धावले, असे त्याने लिहून ठेवले आहे. ज्या देशाने त्यांच्या मित्राला कोंडून ठेवले होते, त्याच देशाच्या लोकांसाठी ते जामीन शोधत होते.

न्यूबेरी आणि फिच १५८४ मध्ये गोव्यातून निसटले आणि बेळगाव, विजापूर, गोवळकोंडा असे करत अकबराच्या दरबाराकडे गेले. त्या वेळी आपले नळदुर्ग विजापूरच्याच आदिलशाहीत होते. फिच १५९१ मध्ये लंडनला पोचले. स्टीफन्स मात्र बहुतेक काळ सासष्टीतच राहिले. १६१९ मध्ये ते वारले.

५ डिसेंबर १६०८ रोजी त्यांनी रोमला पाठवलेले एक पत्र आम्हाला फार आवडते. पुस्तके या देशाच्या भाषेत आणि या देशाच्याच अक्षरांत छापावीत अशी त्यांची इच्छा होती. अडचण खिळ्यांची. जोडाक्षरांमुळे सहाशे साचे लागतील. ते दोनशेवर आणता येतील असा हिशोब त्यांनी केला होता. पण ते झाले नाही. १६१६ मध्ये रायतूर येथे ख्रिस्तपुराण छापले ते रोमन लिपीत. पुढे आणखी दोनदा छापले. त्या तिन्ही आवृत्त्यांची एकही छापील प्रत आज सापडत नाही. राहिल्या त्या भाविकांनी हाताने उतरवून घेतलेल्या प्रती, आणि त्यांवरूनच १९०७ मध्ये मंगळूरला पुराण पुन्हा छापता आले. एक हस्तलिखित प्रत मात्र देवनागरीत आहे. विल्यम मार्सडेन यांच्या संग्रहात ती पडून होती. १९२० च्या दशकात अमेरिकन मिशनरी जस्टिन अॅबट यांनी तिच्याकडे लक्ष वेधले. ती आहे लंडनमध्ये.

आपला,
धर्मगुरू