घरोटाच्या तालावरचे गाणे

बोईसरहून आपल्या महाविद्यालयात येणाऱ्या विद्यार्थ्यांना यंत्रांचा आवाज नवा नाही. तारापूरच्या कारखान्यांतून पाळ्या रात्रंदिवस चालतात. अशा गोंगाटात गाणे कसे सुचावे, असे आपल्याला वाटते. त्याचे उत्तर खानदेशातील एका निरक्षर शेतकरी स्त्रीच्या जीवनात सापडते. त्या म्हणजे बहिणाबाई चौधरी.

जळगावजवळच्या असोदे या लहानशा खेड्यात २४ ऑगस्ट १८८० रोजी महाजनांच्या घरी त्यांचा जन्म झाला. तेराव्या वर्षी जळगावच्या नथूजी चौधरी यांच्याशी त्यांचा विवाह झाला. पुढे तरुणपणीच वैधव्य आले आणि मुलाबाळांचा व शेतीचा भार अंगावर पडला. शाळेची पायरी त्या कधी चढल्या नव्हत्या.

पहाटे जाते, दिवसा मळ्यात मोटेच्या चाकाची कुरकुर, सुगीत खळ्यावरची धांदल. त्यांचे सारे आयुष्य कामाच्या आवाजातच गेले. जात्याला तिकडे घरोट म्हणतात. एका हाताने खुंटा ओढायचा, दुसऱ्या हाताने दाणे वैरायचे आणि दगडाच्या फेऱ्याशी श्वास जुळवून ओळ पुरी करायची. घरोटाची घरघर गाण्याच्या आड येत नसे. तीच त्याचा ताल होई. संसार, शेत, पाखरे, माणसाचे चंचल मन, सारे त्यांच्या लेवा गणबोलीत सहज उतरे.

परंतु जाते थांबले की गाणेही हवेत विरून जाई. पुत्र कवी सोपानदेव आणि मावसभाऊ पितांबर चौधरी यांनी त्यातले जेवढे लिहून घेतले तेवढेच उरले. ३ डिसेंबर १९५१ रोजी बहिणाबाई निवर्तल्या. त्यानंतर सोपानदेवांनी ती वही आचार्य अत्र्यांना दाखविली. अत्रे भारावून गेले आणि त्यांच्याच प्रस्तावनेसह १९५२ साली 'बहिणाबाईंची गाणी' हा संग्रह प्रसिद्ध झाला. आईला मात्र तो पाहता आला नाही. २०१८ साली जळगावच्या विद्यापीठाला त्यांचे नाव देण्यात आले. जिने अक्षर गिरविले नाही तिच्या नावाने आज पदव्या दिल्या जातात!

पिठाच्या गिरण्या आल्या आणि घरोघरची जाती कोपऱ्यात गेली. आपल्या पालघरातही वारली लग्नात गाणाऱ्या धवलेरी आहेत, जात्यावर ओव्या म्हटलेल्या आज्या आहेत. मित्रहो, बहिणाबाईंचे गाणे एका वहीमुळे वाचले. आपल्या आजीजवळ वही घेऊन बसायला आपण केव्हा सवड काढणार?