आधी स्वतःच्या अंगात टोचून घेणारे हाफकिनसाहेब

पाथरी : पल्स पोलिओचा रविवार आला की आशाताई आणि अंगणवाडीताई शीतपेटी घेऊन शाळेत बसतात. लेकराच्या तोंडात दोन थेंब, करंगळीला शाई, झालं काम. पण पेटीतली ती बाटली येते कुठून, हे सहसा कोणी विचारत नाही. मुंबईत परळला हाफकिन नावाची सरकारी संस्था आहे. पोलिओचे डोस भरून देशभर पाठवणाऱ्या मोजक्या ठिकाणांत तिचं नाव येतं. हाफकिन हे एका माणसाचं नाव, आणि त्याची गोष्ट आपल्याकडच्या आईबापांनी ऐकावी अशी आहे.

वाल्डेमार हाफकिन यांचा जन्म १८६० चा, काळ्या समुद्राकाठच्या ओडेसा शहरातला. त्या वेळी ते रशियात होतं. घरची परिस्थिती बेताची, धर्म ज्यू. शिक्षणात हुशार असूनही ज्यू असल्यामुळे तिथं प्राध्यापकी मिळेना. मग ते पॅरिसला पाश्चर यांच्या संस्थेत गेले आणि तिथं कॉलऱ्याची लस तयार केली. १८ जुलै १८९२ ला ती आधी स्वतःला टोचून घेतली. ताप आला, उतरला, मग दुसऱ्यांना दिली. पुढच्या वर्षी ते हिंदुस्थानात आले. बंगाल, उत्तरेकडचा मुलूख, आसामचे चहामळे असं फिरून चाळीस हजारांवर लोकांना टोचलं. कलकत्त्याच्या वस्त्यांत लोक अंगावरही आले. अनोळखी साहेब सुई घेऊन दारात आला तर कोण हात पुढं करील?

१८९६ ला मुंबईत प्लेग शिरला. आपल्याकडची जुनी माणसं सांगायची, प्लेग आला की गाव ओस पडायचं आणि लोक रानात झोपड्या घालून राहायचे. पुण्यात रोग्यांची सेवा करताना १० मार्च १८९७ ला सावित्रीबाई फुले याच रोगानं गेल्या. सरकारनं घरात शिरून सक्ती केली, तेव्हा लोक आजारी माणूस लपवू लागले.

हाफकिनसाहेबांना मुंबईत ग्रँट मेडिकल कॉलेजात जागा मिळाली ती एका व्हरांड्यात. हाताशी एक कारकून आणि तीन शिपाई. प्लेगचे जंतू वाढवायला ते बकऱ्याच्या मांसाचा रस वापरत आणि वर तुपाचे थेंब सोडत. गोमांस चालणार नाही हे त्यांनी ओळखलं होतं. तीन महिन्यांत लस तयार झाली. १० जानेवारी १८९७ ला पहिली मात्रा त्यांनी स्वतः घेतली, तीही मोठी. त्यानंतर भायखळ्याच्या तुरुंगात तयार झालेल्या कैद्यांना टोचलं. टोचलेल्यांत आजार कमी आणि न टोचलेल्यांत जास्त, हे सगळ्यांनी पाहिलं. आगाखान यांनी आपल्या समाजासमोर उघडपणे टोचून घेतलं आणि त्यांचे लोक पुढं आले. हुकमानं जे होत नव्हतं ते अशानं झालं. १८९९ ला परळच्या जुन्या गव्हर्नर बंगल्यात प्रयोगशाळा गेली, तीच आजची संस्था.

आता वाईट भाग. ३० ऑक्टोबर १९०२ ला पंजाबातल्या मुलकोवाल गावात १०७ जणांना पाच बाटल्यांतून लस दिली. त्यातल्या एकाच बाटलीतून ज्यांना दिली ते १९ जण धनुर्वातानं मेले. बाकीच्यांना काही झालं नाही. तरी दोष हाफकिनसाहेबांवर आला, काम काढून घेतलं, ते इंग्लंडला गेले. पुढं कळलं की गावात बाटली उघडताना चिमटा जमिनीवर पडला होता आणि तो नीट निर्जंतुक न करताच वापरला होता. मोठमोठ्या डॉक्टरांनी त्यांची बाजू घेतली आणि १९०७ ला ते निर्दोष ठरले. पण मुंबईची प्रयोगशाळा परत मिळाली नाही. काही वर्षं कलकत्त्यात काढली, मग युरोपात परतले, लग्न केलं नाही. २६ ऑक्टोबर १९३० ला स्वित्झर्लंडमधल्या लोझान इथं वारले. त्याआधी १९२५ ला संस्थेला त्यांचं नाव दिलं होतं, एवढाच काय तो न्याय.

पोलिओची लस त्यांनी पाहिलीच नाही, ती १९५५ नंतरची. पण मुलकोवालची गोष्ट आजही लागू आहे. २०२१ ला यवतमाळ जिल्ह्यात बारा लेकरांना पोलिओऐवजी सॅनिटायझरचे थेंब पाजले गेले. लेकरं वाचली. चूक देणाऱ्याची होती, लसीची नव्हती. म्हणून डोस देताना बाटली बघायला मागा, त्यात लाजायचं काही नाही. बाटलीवर एक गोल आणि आत चौकोन असतो. चौकोन गोलापेक्षा फिक्कट असला तर लस चांगली. गोलाइतका किंवा त्याहून गडद झाला असेल तर ती उष्णतेनं गेली, दुसरी बाटली मागा.

आणखी एक घोळ घरोघरी आहे. रविवारचा डोस झाला की लोकांना वाटतं सगळं झालं. तसं नाही. जन्मल्यावर, मग दीड, अडीच आणि साडेतीन महिन्यांनी थेंब, सोळा ते चोवीस महिन्यांत बूस्टर, आणि दीड, साडेतीन व नऊ महिन्यांना पोलिओचं इंजेक्शन, हे कार्डावरचं वेगळं. पाच वर्षांच्या आतल्या लेकराला मोहिमेचे थेंब त्यावर जादा. साधी सर्दी, बारीक ताप असला तरी थेंब देता येतात. लगेच उलटी झाली तर पुन्हा द्यायला सांगा.

भारतात जंगली पोलिओचा शेवटचा रुग्ण जानेवारी २०११ चा, बंगालमधला. मग अजून थेंब कशाला, असं पारावर विचारतात. रोग पाकिस्तान-अफगाणिस्तानात अजून आहे, विष्ठेतून आणि घाण पाण्यातून पसरतो, आणि बहुतेकांना लागण झालेली कळतही नाही. २०२४ ला मेघालयात एका दोन वर्षांच्या लेकराला लसीतल्याच विषाणूचा बदललेला प्रकार लागला. जिथं पुष्कळ लेकरं डोसाविना राहतात तिथं तो कमजोर विषाणू फिरत फिरत बळावतो. उसाच्या टोळीबरोबर जाणाऱ्या आपल्याकडच्या आयांनी हे ध्यानात ठेवावं. कोपीवर जाताना कार्ड गाठोड्यात घ्या, कारखान्यावर किंवा जिथं असाल तिथल्या आरोग्य केंद्रात डोस मिळतो, पैसे लागत नाहीत.

पंधरा वर्षांच्या आतल्या पोराचा हात किंवा पाय अचानक लुळा पडला तर मालिश, उतारा यांत दिवस घालवू नका, त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात न्या. तिथं एक दिवसाच्या अंतरानं शौचाचे दोन नमुने घेतात. पोलिओ तपासणारी मुंबईची प्रयोगशाळा परळला, हाफकिनच्याच आवारात आहे.