डॉ. भाऊ दाजी लाड आणि कडू कवठाचे तेल

अजिंठ्याची लेणी पाहायला छत्रपती संभाजीनगरात येणाऱ्या पर्यटकांपैकी फार थोड्यांना हे माहीत असते, की तेथील शिलालेखांचे वाचन 1860च्या दशकात प्रसिद्ध करणारे अभ्यासक पेशाने डॉक्टर होते. रामकृष्ण विठ्ठल लाड, म्हणजेच डॉ. भाऊ दाजी, यांचा जन्म गोव्यातील मांद्रे गावचा. लहानपणीच ते मुंबईला आले आणि ग्रँट मेडिकल कॉलेजातून 1851 साली बाहेर पडलेल्या पहिल्या तुकडीत पदवीधर झाले. बंधू डॉ. नारायण दाजी यांच्यासह त्यांनी गोरगरिबांसाठी दवाखाना चालवला.

केवळ नाडी पाहून हा डॉक्टर थांबला नाही. 1852 साली नाना शंकरशेट यांच्या पुढाकाराने बॉम्बे असोसिएशन स्थापन झाली, तेव्हा भाऊ तिचे एक चिटणीस झाले. कंपनीच्या सनदेचे नूतनीकरण तोंडावर होते. संस्थेने ब्रिटिश पार्लमेंटकडे अर्ज पाठवून संथ आणि खर्चिक कारभारावर बोट ठेवले आणि भारतीयांना कारभारात स्थान मागितले. 1853च्या कायद्याने ते दिले नाही. कायदे करणाऱ्या मंडळात भारतीय सभासद नेमण्याची वाट 1861च्या कायद्याने मोकळी झाली.

वैद्यकात त्यांचा ध्यास होता कुष्ठरोग. त्या काळी या रोगावर खात्रीचे औषध नव्हते. रोग्याला घर आणि गाव दोन्ही सोडावे लागे. भाऊंनी संस्कृत वैद्यकग्रंथ चाळले. सुश्रुतसंहितेत कुष्ठावर तुवरकाचे तेल सांगितले आहे. त्याच जातकुळीतील कडू कवठ हे झाड सह्याद्रीत आणि कोकणात वाढते. त्याच्या बियांच्या तेलावर भाऊंची भिस्त होती. रुग्णांना गुण येत असल्याचा बोलबाला झाला. मात्र औषध नेमके कोणते, हे त्यांनी जाहीर केले नाही आणि त्याबद्दल टीकाही ओढवून घेतली. पूर्ण निष्कर्ष प्रसिद्ध होण्याआधीच 31 मे 1874 रोजी ते गेले.

सरकारकडे उघडपणे जाब मागणाऱ्या माणसाचे औषध मात्र झाकलेले राहिले. त्याने काय बिघडले, हे रोगप्रतिकारशास्त्राने पुढे दाखवले. कुष्ठरोगाचा जंतू हॅन्सन यांनी नॉर्वेत 1873 साली, भाऊंच्या मृत्यूच्या जेमतेम वर्षभर आधी ओळखला. आज आपल्याला माहीत आहे, की बहुतेक लोकांचे शरीर या जंतूला दाद देत नाही. ज्यांना रोग होतो, त्यांच्यातही प्रतिकारशक्ती चांगली असेल तर एखाद-दुसराच बधिर चट्टा उठतो. ती कमी पडली तर जंतू अंगभर पसरतात. सुरुवातीचे काही चट्टे तर उपचाराविना विरतात. मग गुण तेलाचा की शरीराचा? हे ठरवायचे तर औषध उघड हवे, प्रत्येक रुग्णाची नोंद हवी, आणि दुसऱ्या डॉक्टरांना ते पडताळून पाहता यायला हवे.

पुढे या वर्गातील तेलांची कसून तपासणी झाली. 1940च्या दशकात सल्फोन औषधे येईपर्यंत जगभर कुष्ठरोगावर तीच वापरली गेली. थोडाफार फायदा होई, पण पोटात घेतल्यास मळमळ आणि टोचल्यास वेदना ठरलेली. झाड निरुपयोगी नव्हते, पण ते रामबाणही नव्हते.

आज बहुविध औषधोपचाराने कुष्ठरोग साधारण 6 ते 12 महिन्यांत बरा होतो. गोळ्या शासकीय रुग्णालयात आणि प्राथमिक आरोग्य केंद्रात मोफत मिळतात. अंगावर फिकट किंवा लालसर, बधिर चट्टा दिसला तर तो लपवू नका. आणि घटक न सांगता हमखास गुणाची हमी देणारी पुडी कोणी हातावर ठेवली, तर आधी विचारा: यात काय आहे, आणि ते कोणी तपासले?