गुलामांची रोजनिशी लिहिणारी नटी

महात्मा जोतीराव फुले यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' हा ग्रंथ अमेरिकेतील गुलामांच्या मुक्तीसाठी झटणाऱ्या तेथील सज्जनांना अर्पण केला, हे चळवळीतील प्रत्येकाला ठाऊक आहे. पण त्या मुक्तिलढ्यातील माणसे कोण होती? लिंकनच्या पुढे आपल्याला सहसा नावे आठवत नाहीत. फॅनी केंबल हे त्यातले एक नाव. बाई जन्माने इंग्रज, धंद्याने नटी, लढाई मात्र अमेरिकेतली.

२७ नोव्हेंबर १८०९ रोजी लंडनमध्ये नटांच्या घराण्यात तिचा जन्म झाला. प्रख्यात अभिनेत्री सारा सिडन्स ही तिची सख्खी आत्या. वडिलांचे कॉव्हेंट गार्डन नाट्यगृह कर्जात बुडाले तेव्हा, १८२९ साली, त्यांनी मुलीला ज्युलिएटच्या भूमिकेत उभे केले आणि तिने नाट्यगृह तारले. १८३२ मध्ये ती अमेरिकेच्या दौऱ्यावर गेली. १८३४ मध्ये फिलाडेल्फियाच्या पियर्स बटलरशी लग्न करून तिने रंगमंच सोडला.

या बटलरचे आजोबा अमेरिकेच्या संविधान सभेचे सदस्य होते. पळालेला गुलाम मालकाला परत करावा, हे कलम १७८७ साली संविधानात घालण्याचा प्रस्ताव त्यांचाच. संविधान कोणाच्या हातून लिहिले जाते याला किती महत्त्व असते, ते येथे दिसते! त्याच आजोबांची जॉर्जियातील भात-कापसाची शेती आणि शेकडो गुलाम पुढे नातवाकडे आले.

१८३८-३९ च्या हिवाळ्यात फॅनी त्या मळ्यांवर राहिली. बाळंतिणींना तीन आठवड्यांत पुन्हा शेतात पाठवले जाई. त्या बाया तिच्याकडे येत आणि आणखी थोड्या दिवसांच्या विश्रांतीसाठी मालकाकडे रदबदली करा म्हणून विनवत. कोणाची किती मुले झाली, किती मेली, किती गर्भ गळाले, हे फॅनीने नावानिशी लिहून ठेवले. दवाखान्यात जमिनीवर पडलेल्या आजारी बाया आणि चाबकाचे फटके यांचीही नोंद केली. वकिलाच्या भाषेत हा पुरावा आहे. अखेर नवऱ्याने बजावले की, यापुढे गुलामांचे एकही गाऱ्हाणे आणायचे नाही.

गुलामाला अक्षर शिकवणे तेथे कायद्याने गुन्हा होता. तरी तिने एका मुलाला वाचायला शिकवायला घेतले. विवाहितेला स्वतःची मालमत्ताच नाही, म्हणजे दंड नवऱ्यालाच भरावा लागेल, असे तिने रोजनिशीत मिस्कीलपणे नोंदवले आहे. त्याच कायद्याने पुढे तिचा घास घेतला. १८४९ साली घटस्फोट झाला, तेव्हा दोन्ही मुलींचा ताबा बापाकडे राहिला आणि आईच्या वाट्याला उन्हाळ्यातील दोन महिने आले. ती १८४७ मध्येच रंगमंचावर परतली होती. पुढे शेक्सपिअरच्या नाटकांचे एकटीने जाहीर वाचन करून तिने पोट भरले.

जुगार आणि सट्टा यांत बुडालेल्या बटलरने मार्च १८५९ मध्ये सव्हानाजवळच्या शर्यतीच्या मैदानावर दोन दिवसांत चारशेहून अधिक माणसे लिलावात विकली. पोरेबाळेही त्यात होती.

रोजनिशी छापली गेली ती १८६३ साली, लिहिल्यानंतर तब्बल २४ वर्षांनी. तोवर दोन्ही मुली सज्ञान झाल्या होत्या. तिला हिरावून नेता येईल असे बापाच्या हाती काही उरले नव्हते. अमेरिकेत यादवी पेटली होती. इंग्लंडच्या गिरण्यांना दक्षिणेचा कापूस हवा होता आणि तेथील अनेक प्रतिष्ठित गुलाममालकांची बाजू घेत होते. पुस्तक आधी लंडनमध्ये निघाले, मग न्यूयॉर्कमध्ये. त्याने ब्रिटनचे धोरण बदलले असे म्हणणे अतिशयोक्तीचे ठरेल. काळ्या माणसांच्या दिसण्याबद्दल तिच्या लिखाणात गोऱ्यांचे पूर्वग्रहही आहेत, ते झाकायचे कारण नाही. पण मालकाच्या घरात राहून मालकाविरुद्ध इतकी तपशीलवार साक्ष फार थोड्यांनी दिली.

१५ जानेवारी १८९३ रोजी लंडनमध्ये तिचे निधन झाले. थोरली मुलगी सारा उत्तरेच्या बाजूची. धाकटी फ्रान्सिस मात्र युद्धानंतर बापाबरोबर त्याच मळ्यांवर गेली आणि १८८३ साली तिने मळेवाल्यांची बाजू मांडणारे पुस्तक प्रसिद्ध केले. आई तेव्हा हयात होती.